फास, कातडी आणि भरपाई

महाराष्ट्रातील अनुसूचित जमातींच्या अधिकृत यादीत पारधी जमातीची एक लांबलचक नोंद आहे. पारधी, अडविचिंचर, फांसपारधी, फासेपारधी, लंगोली पारधी, बहेलिया, चिता पारधी, शिकारी, टाकणकार, टाकिया अशी नावे तिच्यात एकामागून एक येतात. अशी यादी सामान्यतः जातीच्या दाखल्याच्या कामापुरतीच वाचली जाते. तथापि तिच्यातील 'चिता पारधी' या नावापाशी क्षणभर थांबावे असे आहे. हे नाव चित्ता पकडणाऱ्याचे. भारतातून चित्ता नामशेष झाल्याचे १९५२ साली जाहीर झाले. त्याच वर्षीच्या ३१ ऑगस्टला गुन्हेगार जमातींचा कायदा रद्द होऊन पारध्यांसह अनेक जमाती 'विमुक्त' झाल्या. म्हणजे ज्या वर्षी चित्ता सरकारदरबारी संपला, त्याच वर्षी त्याला पकडणारा सरकारदरबारी जन्मजात गुन्हेगार राहिला नाही. पुढे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्याचा धंदाही संपविला. यादीतले नाव तेवढे शाबूत राहिले आहे.

सप्टेंबर २०२२ मध्ये नामिबियातून आठ आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये दक्षिण आफ्रिकेतून बारा चित्ते मध्य प्रदेशातील कुनोच्या अरण्यात आणले गेले, तेव्हा वर्तमानपत्रांचे रकानेच्या रकाने भरले. पशुवैद्य, विमाने, पिंजरे, गळ्यातील पट्टे या सर्वांविषयी आपण वाचले. चित्त्याला इजा न करता दोरीने धरण्याची विद्या शतकानुशतके ज्यांच्या घराण्यांत होती, त्यांची आठवण फारशा कोणाला झाल्याचे दिसले नाही.

प्रस्तुत लेखाचा हेतू शिकारीची वकिली करण्याचा नाही, हे आरंभीच सांगितलेले बरे. वन्य प्राण्यांची शिकार बंद झाली हे योग्यच झाले. येथे विचार करावयाचा आहे तो अर्थशास्त्रातील एका साध्या प्रश्नाचा. लोकहितासाठी राज्यसंस्था एखादा व्यवसाय बंद करते, तेव्हा त्या व्यवसायात गुंतलेल्या भांडवलाची भरपाई कोणाला मिळते आणि कोणाला मिळत नाही?

दोरीची विद्या

'फास' हा शब्द संस्कृत 'पाश' शब्दापासून आला, आणि फासेपारध्याचे सारे शस्त्रागार या एका शब्दात मावते. बंदूक नाही, लोखंड नाही. दोरी आणि लाकडाच्या खुंट्या. पक्ष्यांसाठी घोड्याच्या शेपटीचे केस वळून केलेले बारीक फासे, आणि हरणासाठी जनावराच्या स्नायूंचे तंतू ताणून, पीळ देऊन केलेली चिवट तात. एका लांब दोरीला ठराविक अंतरावर असे अनेक फासे बांधलेले असतात आणि खुंट्यांच्या आधाराने ते जमिनीवर उभे राहतात. दुरून पाहिले तर गवताच्या काड्यांपलीकडे काही दिसू नये, अशी ती रचना.

तितराचेच उदाहरण घेऊ. संकटाची चाहूल लागली तरी तितर लगेच उडत नाही. तो आधी झुडपांच्या कडेकडेने पळत सुटतो. त्याच्या या एका सवयीवर पारध्याची विद्या उभी आहे. झुडपांमधल्या ज्या फटींतून तो पळेल त्या फटी हेरावयाच्या, तेथे त्याच्या मानेच्या उंचीला येतील असे फासे लावावयाचे आणि मागून अगदी सावकाश, त्याला उडावेसे वाटणार नाही इतक्याच वेगाने, पुढे सरकावयाचे. कित्येकदा पाळलेला नर तितर पिंजऱ्यात घालून फाशांच्या मध्ये ठेवीत. त्याची हाक ऐकून रानातला नर आपली हद्द राखण्यासाठी भांडायला धावून येतो आणि अडकतो. गायपारधी नावाची जी शाखा आहे, ती शिकविलेल्या गाईच्या किंवा बैलाच्या आडोशाने पुढे सरकते. चरणाऱ्या गुराला पाखरे भीत नाहीत. काळविटाच्या शिकारीत याहूनही नवलाची युक्ती होती. पाळीव काळविटाच्या शिंगांना फासे बांधून त्याला रानातल्या कळपापुढे सोडीत. कळपाचा धनी झुंजीला आला की शिंगे शिंगांत आणि फासे शिंगांत गुंतत.

चित्त्याला धरण्याची रीत तर त्याच्या स्वभावाचा पुरता अभ्यास असल्याखेरीज सुचणे शक्य नाही. चित्ते काही ठरावीक झाडांपाशी पुनःपुन्हा येतात, खोडावर नखे घासतात, आपला वास सोडतात. पारधी असे झाड शोधून काढीत आणि त्याच्याभोवती तातीचे फासे खुंट्यांनी जमिनीशी जखडून ठेवीत. धरावयाचा तो वाढलेला चित्ताच. बछडे धरणे सोपे खरे, परंतु शिकार ही विद्या चित्त्याला आईकडून मिळते. आईपासून तोडलेले पिल्लू राजवाड्यात कितीही लाडाने वाढविले तरी हरणामागे धावण्याच्या कामी ते निरुपयोगी. रानात शिकून तयार झालेला चित्ता धरावा, काही महिन्यांत माणसाळवावा आणि राजेरजवाड्यांना द्यावा, असा तो व्यवहार होता.

हा व्यवहार दक्षिणेत जुना आहे. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या बाराव्या शतकातील 'मानसोल्लास' या ग्रंथात मृगयेवर सविस्तर प्रकरण आहे आणि त्यात चित्त्याकडून करविण्याच्या शिकारीचाही निर्देश आहे. ते कल्याण, म्हणजे आजचे बसवकल्याण, आमच्या सोलापुराहून फार दूर नाही. पुढे मोगलांनी या खेळाला ऐश्वर्य दिले आणि मराठी मुलखात कोल्हापूर संस्थानाने तो विसाव्या शतकापर्यंत टिकविला. तोवर देशी चित्ते इतके विरळ झाले होते की कोल्हापूरकरांना ते आफ्रिकेतून मागवावे लागले. १९४७ च्या सुमारास कोरिया संस्थानच्या महाराजांनी तीन चित्ते बंदुकीने टिपले. हे भारतातले अखेरचे चित्ते, असे सामान्यतः मानले जाते. ते फासात धरलेले नव्हते, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे.

वर्गात आम्ही 'मानवी भांडवल' ही संज्ञा शिकवितो, तिचे याहून निखळ उदाहरण मला ठाऊक नाही. या व्यवसायात साधनाची किंमत जवळजवळ शून्य आणि ज्ञानाची किंमत जवळजवळ सगळी. दोरी कोणीही वळील. ती कोठे लावावी हे सांगणारा माणूस तयार व्हायला बाप-आजाच्या मागून रानात वर्षानुवर्षे हिंडावे लागते. आणि हे भांडवल मोठे विचित्र. ते गहाण टाकता येत नाही, त्याची नोंद तलाठ्याकडे होत नाही, आणि ते नष्ट झाले तर पंचनामाही होत नाही.

फाशाचा आणखी एक गुण सांगितला पाहिजे. फासात आलेले जनावर बहुधा जिवंत असते, आणि जिवंत असल्यामुळे ते सोडूनही देता येते. गाभण मादी व पिल्ले सोडून द्यावीत असा दंडक जुने पारधी सांगतात. तो दर वेळी पाळला गेलाच असेल असे म्हणण्याइतका मी भाबडा नाही. परंतु साधनात निवडीची सोय होती, एवढे निश्चित.

थंड देशांचा बाजार

कातड्यासाठी सापळे लावण्याचा धंदा जगात वाढला तो थंड प्रदेशांत, कारण दाट आणि मऊ केसांचे कातडे थंडीच देते. १६७० साली इंग्लंडमध्ये स्थापन झालेल्या हडसन्स बे कंपनीने कॅनडातील आदिवासींकडून बीव्हर या पाणप्राण्याची कातडी घेऊन युरोपातील टोप्यांच्या कारखान्यांना पुरविली. त्या व्यापारात नाणे नव्हते. चांगल्या बीव्हरचे एक कातडे हेच हिशेबाचे एकक होते. बंदूक इतक्या कातड्यांना, कांबळे इतक्या कातड्यांना, अशी दरपत्रके ठरत. पैशाचे कार्य कोणतीही वस्तू करू शकते, हे विद्यार्थ्यांना पटवून देण्यासाठी मी हेच उदाहरण वापरतो. एकोणिसाव्या शतकात रेशमी टोप्यांची चाल आली आणि बीव्हरला थोडी उसंत मिळाली. साडेतीन शतके टिकलेल्या त्या कंपनीने २०२५ मध्ये आपली शेवटची दुकानेही बंद केली.

आपल्या दख्खनच्या उन्हात असले कातडे तयारच होत नाही. म्हणून येथील पारध्याचा बाजार निराळा. तितर-लावे आठवड्याच्या बाजारात, हरणाचे मांस गावात, आणि कातडे देवाधर्माच्या व कलेच्या वाटेने. मुंजीत बटूच्या जानव्याला जो मृगाजिनाचा तुकडा बांधीत, तो कोठून येत असे याची चौकशी पांढरपेशा घरांतून कोणी केली नसेल. खंडोबाच्या वाघ्याच्या हातातील दिमडीवर घोरपडीचे कातडे चढविलेले असे. मुंगसाच्या शेपटीचे केस चित्रकारांच्या कुंचल्यासाठी जात. एक किलो केसांसाठी सुमारे पन्नास मुंगसे मारावी लागतात, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. २००२ मध्ये मुंगसाला अधिक कडक संरक्षण मिळाल्यानंतरही हा चोरटा धंदा पुरता थांबलेला नाही. आमच्या नवी पेठेत थंडीच्या दिवसांत जाकिटांच्या गळ्याला मऊ केसाळ पट्टी शिवलेली दिसते, ती अर्थातच कृत्रिम धाग्याची. कुंचलेही आता बव्हंशी नायलॉनचे. ग्राहकाला फरक जाणवत नाही, आणि हे एका अर्थी चांगलेच आहे.

तथापि थंड देशांचा बाजार आपल्या रानांपर्यंत पोहोचला नाही असे मात्र नाही. जानेवारी २००० मध्ये उत्तर प्रदेशातील खागा येथे टाकलेल्या छाप्यात वाघांची ४, बिबट्यांची ७० आणि काळविटांची २२१ कातडी व बिबट्यांची सुमारे १८,००० नखे सापडली. ऑक्टोबर २००३ मध्ये तिबेटात एकाच वेळी ३१ वाघांची, ५८१ बिबट्यांची आणि ७७८ पाणमांजरांची कातडी पकडली गेली. त्यांतली बहुतांश भारतातून गेलेली होती. तिबेटी पोशाखाला अशा कातड्यांची किनार लावण्याची चाल होती. जानेवारी २००६ मध्ये आंध्रातील अमरावती येथे दलाई लामांनी तिच्याविरुद्ध कळकळीचे आवाहन केले, तेव्हा तिबेटी लोकांनी आपले ठेवणीतले कपडे चौकाचौकांत जाळले. मागणी कायद्यापेक्षा शब्दाने अधिक घटते, याचा असा पुरावा क्वचितच मिळतो.

या चोरट्या व्यापाराने फाशाची जागा लोखंडी जबड्याच्या चापाला दिली. चाप निवड करीत नाही. त्यात पाय सापडला की नर-मादी, लहान-मोठे सारखेच. सारिस्कातील वाघ २००४-०५ मध्ये संपले, पन्नातील २००९ पर्यंत संपले, आणि २०१३ मध्ये आपल्या मेळघाटातही वाघांच्या शिकारीची प्रकरणे उघडकीस आली. या प्रकरणांत पारंपरिक शिकारी जमातींतील काही टोळ्यांचा हात होता, हे नाकारण्यात अर्थ नाही. कसब होते, दुसरा धंदा नव्हता आणि ग्राहक दारात आला होता. अशा वेळी काय घडते हे सांगायला अर्थशास्त्रज्ञ लागत नाही.

कायद्याची तीन दारे

या व्यवसायावर कायद्याची दारे एकामागून एक बंद झाली. पहिले दार जंगलाचे. १९२७ च्या भारतीय वन कायद्यात राखीव जंगलात करू नये अशा गोष्टींमध्ये सापळे आणि फास लावणे याचा नाव घेऊन उल्लेख आहे. त्याच काळात परवाना काढून बंदुकीने शिकार करणारे साहेब आणि संस्थानिक सन्मानाने जंगलात जात.

दुसरे दार माणसाचे. १८७१ चा गुन्हेगार जमातींचा कायदा १९११ च्या सुधारणेनंतर मुंबई इलाख्यात लागू झाला आणि सोलापुरात तारेच्या कुंपणाची वसाहत उभी राहिली. जुने लोक तिला नुसते 'सेटलमेंट' म्हणत. आजही त्या भागाचे नाव तेच आहे. तेथे ठेवलेल्या जमातींच्या स्त्री-पुरुषांना दररोज हजेरी द्यावी लागे आणि त्यांतील पुष्कळांना येथील कापड गिरण्यांत कामाला लावीत. गिरण्यांना स्वस्त व पळून न जाणारे मजूर हवे होते, सरकारला या लोकांवर नजर हवी होती. दोघांचीही सोय झाली. याच सुमारास कोल्हापुरात शाहू महाराज फासेपारध्यांना जवळ करून त्यांना पहाऱ्याची कामे देत होते. ज्याच्यावर चोरीचा संशय त्यालाच राखण द्यावी, हे धोरण सुचायला जे धैर्य लागते ते इलाख्याच्या सरकारकडे नव्हते. १९५२ साली कायदा गेला. परंतु मुंबई राज्यात १९५९ मध्ये सराईत गुन्हेगारांचा कायदा आला आणि पोलीस ठाण्यातील नजर पूर्वीचीच राहिली.

तिसरे दार प्राण्यांचे. १९७२ च्या मूळ वन्यजीव संरक्षण कायद्यात परवान्यांचे जे प्रकार होते त्यांत 'वन्य प्राणी सापळ्याने पकडण्याचा परवाना' हाही एक प्रकार होता, ही गोष्ट आज फारशा कोणाला ठाऊक नाही. म्हणजे निदान कागदावर राज्याने या कसबाला एकोणीस वर्षे मान्यता दिली होती. १९९१ च्या दुरुस्तीने ती काढून घेतली. ज्याला राहण्याचा पत्ता नाही, रेशनकार्ड नाही आणि ज्याने कचेरीच्या पायरीवर पाय ठेवला तर शिपाईच आधी हटकतो, त्याला या एकोणीस वर्षांत परवान्याचा कितपत उपयोग झाला असेल, याची कल्पना वाचकांनीच करावी.

कोणाला मिळाले, कोणाला नाही

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. स्वातंत्र्यानंतर आपण अनेक जुने हक्क मोडीत काढले, आणि ते काढताना भरपाईचे तत्त्व बहुतेक ठिकाणी पाळले. इनामे आणि वतने गेली, तेव्हा भरपाई कशी ठरवावी हे कायद्यातच लिहिले गेले. संस्थानिकांचे राज्य गेले, तेव्हा त्यांना तनखे मिळाले आणि ते १९७१ पर्यंत चालू राहिले. चित्त्याकडून हरीण धरविणाऱ्या राजाला राज्य गेल्यावरही वीसहून अधिक वर्षे सरकारी तिजोरीतून रक्कम मिळाली. चित्ता धरून आणणाऱ्याला हजेरी मिळाली.

कातड्याच्या व्यापाऱ्यांचेही तसेच. १९८६ च्या दुरुस्तीने वन्य प्राण्यांच्या कातड्याचा व्यापार बंद झाला, तेव्हा व्यापारी न्यायालयात गेले. दिल्ली उच्च न्यायालयाने १९९७ मध्ये त्यांचा दावा फेटाळला हे खरे, परंतु दावा करण्याइतका त्यांचा आवाज होता. काश्मिरात तर दुकानदारांनी भरपाईच्या बोलीवर आपला साठा सरकारच्या स्वाधीन केला आणि २००७ मध्ये वाघ, बिबटे, हिमबिबटे, पाणमांजरे यांच्या कातड्यांचे ते झगे जाळून टाकण्यात आले. साठा मोजता येतो, त्याची किंमत ठरविता येते, म्हणून त्याची भरपाई देता येते. सापळा लावणाऱ्याचा साठा त्याच्या बोटांत होता. तो कोणी मोजला नाही.

काही वर्षांपूर्वी विद्यार्थ्यांकडून कौटुंबिक उत्पन्नाची पाहणी करवून घेत असता माझ्या वर्गातील एका पारधी मुलाने आपल्या आजोबांची माहिती भरताना मला विचारले, "सर, आजोबांना जे येतं ते कोणत्या रकान्यात लिहू?" तक्त्यात 'कुशल', 'अर्धकुशल', 'अकुशल' असे तीन रकाने होते. आजोबांना पायाच्या ठशावरून पक्षी ओळखता येई, तो केव्हा गेला हे सांगता येई आणि त्यांच्या हाताने वळलेले फासे घरात अजून होते. मी त्याला 'कुशल' या रकान्यात लिहायला सांगितले. तो थोडा वेळ थांबला, मग हळूच म्हणाला की, कुशल म्हटलं तर धंदा कोणता ते लिहावं लागेल. त्याने 'अकुशल – मजुरी' असे लिहिले. त्याचे खरेच होते. त्या रकान्यात खरे उत्तर लिहिणे म्हणजे कबुलीजबाब देणे होते.

हा रकान्याचा घोळ केवळ माझ्या तक्त्यातला नाही. १९७२ च्या दुष्काळात सोलापूर जिल्हा होरपळला, तेव्हा लोकांना तारले ते खडी फोडण्याच्या कामांनी. त्यातूनच वि. स. पागे यांच्या कल्पनेतली रोजगार हमी योजना राज्यभर उभी राहिली, तिचा कायदा १९७७ मध्ये झाला आणि २००५ च्या केंद्रीय कायद्याने ती कल्पना देशभर नेली. महाराष्ट्राने जगाला दिलेल्या मोजक्या आर्थिक कल्पनांपैकी ही एक, याबद्दल मला अभिमान आहे. परंतु तिची हमी अकुशल अंगमेहनतीची आहे. कुदळ धरील त्याला काम. ज्याची कला कायद्याने बंद झाली त्यालाही कुदळच.

उलट विणकराकडे पाहावे. सोलापूरच्या हातमागाला यंत्राने गिळले, तेव्हा १९८५ चा आरक्षण कायदा आला, सहकारी संस्था आल्या, पुढे सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकनही मिळाले. हे सारे पुरेसे होते असे कोणी विणकर म्हणणार नाही. तरी त्याच्या कसबाला नाव होते, संस्था होती आणि नवी पेठेसारख्या बाजारात काच लावलेले कपाट होते. कसब आहे हे मान्य झाल्यावरच त्याच्या संरक्षणाचा प्रश्न उद्भवतो.

दुसऱ्या देशांतून काही शिकता येते का? कॅनडातील क्वेबेक प्रांतात जेम्स उपसागराला मिळणाऱ्या नद्यांवर विजेसाठी मोठी धरणे बांधण्याचे ठरले, तेव्हा क्री आदिवासींची शिकारीची व सापळ्यांची भूमी त्यात जाणार होती. ते न्यायालयात गेले आणि १९७५ साली करार झाला. त्या करारानुसार क्री शिकारी आणि सापळे लावणाऱ्यांसाठी एक उत्पन्न-सुरक्षा योजना सुरू झाली. जो आपल्या वर्षातला पुरेसा काळ रानात राहून हा व्यवसाय करील त्याला रानात घालविलेल्या दिवसांच्या हिशेबाने रक्कम द्यावयाची, असे तिचे स्वरूप. सरकारने तेथे जमिनीची किंमत दिली, आणि त्याखेरीज जगण्याच्या एका रीतीचीही किंमत मान्य केली.

आमच्याकडेही त्याच सुमारास धरण होत होते. उजनी १९८० मध्ये पूर्ण झाले. ज्यांच्या नावे सातबारा होता त्यांना कमी-अधिक, वेळेवर वा उशिरा, मोबदला मिळाला. त्याबद्दलच्या तक्रारी अजूनही ऐकू येतात. उजनीच्या पाण्याने पुढे जिल्ह्याचा कायापालट केला. माळराने नांगरली गेली, ऊस आला, कारखान्यांची धुराडी उभी राहिली. त्या माळरानांवर तितर, ससे, काळवीट आणि त्यांच्यामागे फिरणारा पारधी यांचा वावर होता. त्यांच्यापैकी कोणाच्याच नावे सातबारा नव्हता.

नान्नजचे माळरान

माळढोकाची कथा याच माळरानाची आहे. सोलापूर आणि त्या वेळच्या अहमदनगर जिल्ह्यांत १९७९ साली माळढोक अभयारण्य घोषित झाले, तेव्हा त्याचे क्षेत्र सुमारे ८,४९६ चौरस किलोमीटर होते. त्यात गावे, शेते, रस्ते सारेच आले होते. पुढे ते १,२२२ चौरस किलोमीटरवर आणले गेले. आज नान्नजला एखादा माळढोक दिसला तरी ती बातमी होते. पूर्वी पारधी माळढोक धरीत, हे कोणी नाकारीत नाही. परंतु फासाचा धोका कायद्याने गेल्यावरही पक्षी वाढला नाही, उलट घटत गेला, कारण त्याला लागणारे मोकळे गवताळ रानच उरले नाही. जे उरले त्यावरून विजेच्या तारा गेल्या. आपण फास बंद केला आणि नांगराला अनुदान दिले. या दोन धोरणांचा परस्परांशी हिशेब कधी घातला गेला नाही.

पारध्याच्या ज्ञानाला नोकरी देता येत नाही काय? येते, आणि दिली गेली आहे. डॉ. सलीम अली यांच्या मार्गदर्शनाखाली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने स्थलांतरी पक्ष्यांच्या पायांत कडी घालून त्यांचा अभ्यास सुरू केला, तेव्हा हजारो पक्षी जिवंत आणि विनाइजा धरण्याची गरज होती. ते काम प्राध्यापकांना जमणारे नव्हते. सोसायटीने बिहारमधील मीरशिकार जमातीच्या माणसांना पगारावर ठेवले. त्यांच्यातील अली हुसेन यांचे नाव पक्षिशास्त्राच्या वर्तुळात आदराने घेतले जाते. ज्या हातांनी बाजारासाठी पक्षी धरले, त्याच हातांनी तेच जाळे विज्ञानासाठी लावले. इकडे विदर्भात वाशिम-अकोला भागात कौस्तुभ पांढरीपांडे यांच्या 'संवेदना' संस्थेबरोबर फासेपारध्यांनी गवताळ राने राखण्याचे आणि तणमोराची घरटी जपण्याचे काम केले आहे. पन्नाच्या जंगलात पारधी तरुण पर्यटकांना पायवाटेने हिंडवून ठसे वाचायला शिकवितात. आमच्या शेजारी तुळजापूर तालुक्यात यमगरवाडीला गिरीश प्रभुणे यांनी पारधी मुलांच्या शिक्षणाचे काम उभे केले, ज्यासाठी त्यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली. तेथली वाट शाळेची आहे आणि ती आवश्यकच आहे. परंतु मूल शाळेत गेले म्हणून आजोबांचे ज्ञान फुकट जावे असा काही नियम नाही.

सोलापूरचेच मारुती चितमपल्ली वनाधिकारी म्हणून आयुष्यभर जंगलात राहिले आणि पारधी-आदिवासींकडून मिळालेले शब्द व निरीक्षणे त्यांनी मराठीत आणली. २०२५ साली पद्मश्री मिळाल्यानंतर काही आठवड्यांतच ते येथेच निवर्तले. त्यांच्या ग्रंथांमुळे त्या ज्ञानाचा काही भाग तरी कागदावर राहिला. परंतु पुस्तकात राहिलेली विद्या वाचकाची होते. ज्याची ती होती त्याला मजुरी मिळत नाही.

सोलापूरचेच बाळकृष्ण रेणके यांच्या अध्यक्षतेखालील आयोगाने २००८ मध्ये भटक्या-विमुक्तांविषयी राष्ट्रीय अहवाल दिला, त्यानंतर इदाते आयोगाचाही आला. त्यांतील शिफारशींचे काय झाले हा निराळ्या लेखाचा विषय आहे. मला सुचवावयाचे आहे ते फार लहान आहे. नान्नजच्या रानात काळवीट, लांडगे, खोकड, तितर यांच्या गणना होतात, रखवाली होते, वणव्याचे पट्टे काढले जातात. या कामांवर हंगामी मजूर घेतले जातात. त्यांत ठसे ओळखणारे, पक्ष्याच्या हाकेवरून त्याची जागा सांगणारे पारधी स्त्री-पुरुष घ्यावेत आणि त्यांना अकुशल दराने पैसे देऊ नयेत. गवंडी, सुतार, लोहार यांना कुशल कारागिराचा दर लागू होतो. त्या पत्रकात 'मागकाढ्या' अशी एक ओळ वाढवावयास संसदेत जावे लागत नाही. मुंबईत एक अधिसूचना निघाली की पुरे.